नौपाड्यातला बॉबीन लेसचा क्लास: शिकवणी घ्या, किट घेऊ नका

आधीच सांगून टाकते, म्हणजे ज्यांना वेळ नाही ते इथूनच परत फिरतील. क्लास चांगला आहे, शिकवणाऱ्या मॅडम तर फारच चांगल्या आहेत, पण क्लासबरोबर जे किट गळ्यात मारतात ते घेऊ नका, आणि लेस बनवून विकू दोन पैसे मिळवू ह्या विचाराने जाणार असाल तर अजिबात जाऊ नका. मी कळव्यात ब्लाऊज शिवते, बरीच वर्षं झाली, म्हणजे लेस रोज हातातून जाते, मीटरवर आणायची, गळ्याला लावायची, बाहीला लावायची, गिऱ्हाइकाने विचारलं "कॉटनच आहे ना हो?" की हो म्हणायचं. ती बनते कशी हे बघायला म्हणून मी गेले आणि बघून आले ते वेगळंच, म्हणून एवढं लांबलचक लिहितेय.

जागा नौपाड्यात, ठाणे स्टेशनच्या पश्चिमेला उतरून गोखले रोडने चालत या, रिक्षा करू नका, रिक्षात बसून जेवढा वेळ सिग्नलला जाईल तेवढ्यात तुम्ही पोचलेले असाल. जुनी बिल्डिंग, दुसरा मजला, लिफ्ट नाही. शनिवार-रविवारची बॅच असते, सकाळची आणि संध्याकाळची. फी साडेचार हजारांच्या आसपास, किटचे वेगळे. आमच्या बॅचला एक रिटायर्ड बँकवाल्या काकू, दोघी शाळेतल्या शिक्षिका, खारघरवरून पनवेल-ठाणे ट्रेनने येणारी फॅशन डिझाइनची एक मुलगी, आणि एक इंजिनीयर दादा जे का आले होते ते शेवटपर्यंत कळलं नाही पण हात सगळ्यांत चांगला त्यांचाच बसला. मॅडम मराठीतच शिकवतात, मध्ये मध्ये इंग्लिश शब्द येतात पण त्याला इलाज नाही, ह्या कलेचे शब्द आपल्याकडे नाहीतच.

आता बॉबीन लेस म्हणजे काय ते नीट सांगते कारण मी घरी सांगितलं तेव्हा सगळ्यांना क्रोशाच वाटला. क्रोशाला एकच धागा आणि एक सुई, फास्यात फासा. टॅटिंगला छोटी शटल आणि गाठी. ह्यात फासाही नाही आणि गाठही नाही. एक घट्ट भरलेली उशी असते, तिच्यावर टिंबटिंब काढलेला जाड कागद लावायचा, त्याला प्रिकिंग म्हणतात, आणि लाकडाच्या पेन्सिलीएवढ्या बॉबिनींवर गुंडाळलेले धागे त्या टिंबांवरून एकमेकांवर टाकत जायचे आणि जिथे टिंब येईल तिथे टाचणी टोचायची. टाचणी का, तर धागे नुसते एकमेकांवरून गेलेले असतात, त्यांना धरून ठेवायला काहीच नाही, मागून येणारे धागे ताण देऊन जागेवर बसले की मग टाचणी काढली तरी जाळी उभी राहते. शिलाई मशीनची बॉबीन डोक्यातून काढून टाका, नाव तेवढं एक आहे. आपल्या मागवाल्यांची कांडी डोळ्यापुढे आणलीत तर जास्त जवळ जाल.

पहिल्या वर्गात मॅडमनी दोनच गोष्टी शिकवल्या आणि म्हणाल्या ह्या सोडून तिसरी गोष्ट ह्या अख्ख्या कलेत नाही. मला वाटलं उगाच बोलतायत. चार बॉबिनी समोर, डावीकडून एक दोन तीन चार, हे नंबर बॉबीनचे नाहीत जागेचे, हे डोक्यात बसायलाच वेळ लागतो. क्रॉस म्हणजे मधल्या दोघींत डावी उजवीवरून, दोन नंबर तीनवरून. ट्विस्ट म्हणजे दोन्ही जोड्यांत उजवी डावीवरून, दोन एकवरून आणि चार तीनवरून. संपलं. नुसतं क्रॉस-ट्विस्ट क्रॉस-ट्विस्ट करत राहिलात तर चार पेडांची वेणी होते, आणि हीच वेणी पुढे जाड लेसांमध्ये फुलं-पानं जोडायला वापरतात. मॅडमनी सुरुवातीला प्रत्येकीला चार रंगांचे जाड लोकरीचे धागे दिले, लाल निळा पिवळा हिरवा, म्हणजे कुठला धागा कुठे गेला ते डोळ्याला दिसतं. ही त्यांची आयडिया फार म्हणजे फार चांगली, पांढऱ्या धाग्यावर सुरुवात केली असती तर अर्धी बॅच पुढच्या आठवड्यात आली नसती.

मग क्लॉथ स्टिच. क्रॉस, ट्विस्ट, क्रॉस. उभ्या जोड्या लटकत राहतात त्यांना पॅसिव्ह म्हणतात, आणि एक जोडी त्यांच्यातून डावीकडून उजवीकडे जाते, कडेला टाचणीला वळसा घेते आणि परत येते, ती वर्कर. पट्टी तीन-चार बोटं झाली तेव्हा मी ती उशीसकट घरी आणली आणि सासऱ्यांना दाखवली. आप्पा भिवंडीला यंत्रमागावर होते, आयुष्य त्यातच गेलं. चष्मा लावून त्यांनी उशी जवळ ओढली, बोटाने एक धागा हलवून बघितला आणि म्हणाले, "अगं हा तर साधा माग आहे. हा ताणा, आणि ही तुझी जोडी फिरतेय तो बाणा. एकावरून एकाखालून. धोटा नाही एवढंच." म्हटलं आप्पा हे मॅडमनी सांगायला अर्धा तास घेतला. तर म्हणाले "त्यांनी माग बघितला नसेल." (मॅडमनी बघितलाय, मी विचारलं.)

ताणा म्हणजे मागावरचे उभे धागे, बाणा म्हणजे आडवा, आणि तो आडवा धागा इकडून तिकडे नेतो तो धोटा. आप्पांचं बरोबर आहे. क्लॉथ स्टिचमध्ये जे तयार होतं ते अगदी प्लेन वीव्हचं कापड असतं, भिंगातून बघितलं तर मलमल आणि ते ओळखू येणार नाही. फरक कुठे आहे तर मागावर ताण्याचा धागा जन्मभर ताणाच राहतो आणि इथे कुठलीही पॅसिव्ह जोडी मध्येच वर्कर होऊ शकते, वर्कर दमली की पॅसिव्ह होऊन बाजूला बसते. म्हणून त्याच धाग्यात भोकं पाडता येतात, कोपरा वळवता येतो, कापड मध्येच दुभंगून परत जोडता येतं. आपल्या पैठणीत बाण्याचे रंगीत धागे एकमेकांत अडकवून मागे वळवतात, म्हणून तिचा काठ दोन्ही बाजूंनी सारखा दिसतो, इरकलच्या साडीत अंगाचा ताणा आणि पदराचा ताणा वेगळा असतो आणि ते दोन्ही फासे घालून जोडतात, ह्या गोष्टी मी ऐकून होते, गिऱ्हाइकाच्या साड्या हातात येतात तेव्हा बघितलेल्याही होत्या, पण धागा कुठून कुठे वळतो हे बघायची सवय मला ह्या क्लासनंतर लागली. आता ब्लाऊजपीस आला की मी आधी कडेचा धागा उसवून बघते.

माझ्या कामाला सगळ्यात जास्त कामाला आलं ते हाफ स्टिच. क्रॉस, ट्विस्ट, बस, दुसरा क्रॉस नाही. एवढ्याने काय होतं तर आता जोडीतला एकच धागा आडवा जातो आणि बाकी सगळे तिरपे निघतात. क्लॉथ स्टिचची पट्टी ओढा, हलत नाही. हाफ स्टिचची ओढा, लांब होते आणि अरुंद होते, सोडली की थोडी परत येते. शिवणारणींनो ओळखलं का? उरेब, म्हणजे तिरपं कापलेलं कापड! उरेब पट्टी गळ्याला वळते ती कापडाला काही वेगळं केलं म्हणून नाही, धागे ओढीच्या दिशेला तिरपे आहेत म्हणून. हे मी पोरींना शिकवताना पाठ सांगत होते, उरेब कापा उरेब कापा, आता त्यांना हाफ स्टिचची पट्टी हातात देऊन ओढायला सांगते. आणि ह्यातूनच कळलं की काही लेसा गोल गळ्यावर चुण्या पडल्याशिवाय बसतात आणि काही काही केल्या बसत नाहीत, ते का. जिच्यात क्लॉथ स्टिचचा भरीव काठ आहे ती सरळ बाहीला लावा, गोल गळ्याला लावू नका, इस्त्री करून मारून मुटकून बसवलीत तरी एका धुण्यात उठते.

पुढे टॉर्शन नावाची लेस शिकवतात, ही सगळ्यात सोपी धरतात कारण सगळी टिंबं चौकटीच्या कागदावर तिरक्या रेषेत येतात, हाफ स्टिच, टाचणी, हाफ स्टिच, आणि तिरप्या चौकोनांची जाळी तयार होते. मग पंख्यासारखी कड, मग स्पायडर, म्हणजे दोन्हीकडून जोड्यांना पीळ घालून पाय करायचे, मध्ये सगळ्या एकमेकींतून क्लॉथ स्टिचने काढायच्या, मधोमध टाचणी, परत एकमेकींतून काढून पाय करायचे. पहिला स्पायडर जमला तेव्हा बँकवाल्या काकूंनी अख्ख्या वर्गाला लाडू खिलवले. शेवटी मॅडम पान करून दाखवतात, तीन बॉबिनींतून चौथी विणत जायची आणि तिचा ताण हातातून सुटला की अख्खं पान गोळा होतं, ते मात्र कोणालाच जमलं नाही, इंजिनीयर दादांनाही नाही, आणि ते ह्या बेसिक कोर्समध्ये ठेवायची गरज काय हे मला कळलं नाही. त्याऐवजी कोपरा वळवायला शिकवा, रुमालाला तरी लावता येईल.

मधल्या एका वर्गात बॉबिनीला हातच लावायचा नाही, फक्त सूत. मला वाटलं वेळ काढतायत, पण माझ्या मते पैसे वसूल झाले ते ह्याच वर्गात. सुताचा काउंट आपण दुकानात ऐकतो, चाळीस, साठ, शंभर, आणि नंबर मोठा म्हणजे सूत बारीक एवढं माहीत असतं. का, तर एक पौंड वजनाच्या सुतात ८४० वाराच्या किती लडी बसतात तो आकडा म्हणजे कॉटनचा काउंट, सूत बारीक तर लडी जास्त. डेनिअरचं उलटं, ९००० मीटर धाग्याचं वजन किती ग्रॅम, म्हणून तिथे नंबर मोठा म्हणजे धागा जाड. दुकानदार हे दोन एकमेकांत मिसळून सांगतात आणि आपण मान हलवतो. मग ६०/२ लिहिलं असेल तर साठच्या दोन तारा एकत्र पिळलेल्या, म्हणजे जाडी तिसाच्या एका तारेएवढी. हे लेसला का लागतं, तर टिंबांमधलं अंतर आणि धागा जुळला नाही तर एकतर जाळी लोंबते नाहीतर टाचण्यांच्या मध्ये धागे कोंबले जातात. मॅडमची पद्धत साधी, पट्टीवर धागा शेजारी शेजारी गुंडाळा, एका सेंटिमीटरमध्ये किती वेढे बसले ते मोजा, लेबलवर काय छापलंय ते विसरा.

पिळाचं पण सांगितलं. धागा उभा धरून भिंगातून बघा, पिळाच्या रेषा रोमन एस अक्षराच्या मधल्या दांडीकडे झुकल्यात की झेडच्या. शिलाई मशीनचं दोऱ्याचं रीळ बहुतेक झेड पिळाचं असतं कारण मशीनच्या चालीत एस पीळ सुटत जातो. हातात सुई-दोरा घेऊन आयुष्य काढलं पण हे कोणी सांगितलं नव्हतं. बॉबीनवर पण धागा कुठल्या बाजूने गुंडाळताय त्यावर पीळ वाढतो की सुटतो ते ठरतं, सुटला की धागा फुसफुशीत होतो आणि ऐन टाचणीपाशी तुटतो. जुन्या काळी ही लेस लिननवर का करायचे तर लिननचा तंतू लांब आणि तो ताणला जात नाही, म्हणून दिलेला ताण तसाच राहतो, आणि ओलं झालं की लिनन अजून मजबूत होतं. फ्लँडर्समध्ये, म्हणजे आजच्या बेल्जियमच्या बाजूला, सगळ्यात बारीक लिनन ओलसर तळघरात बसून कातायचे, कोरड्या हवेत ती तार तुटायची. मर्सराइज्ड कॉटनचंही तसंच, जॉन मर्सर नावाच्या माणसाने १८४४ च्या सुमाराला सूत कॉस्टिक सोड्यात घालून बघितलं, सूत मजबूत झालं आणि रंग चांगला धरायला लागलं पण आटलं, ते ताणून धरून केलं की चमक येते हे पुढे १८९० मध्ये होरेस लोने केलं. तुमच्या रिळावरची चमक ती.

आता बाजारातल्या लेसांचं. मॅडम सगळ्यांना सांगतात की येताना घरातल्या लेसांचे तुकडे आणा, मी माझ्या दुकानातली पिशवीच उचलून नेली, जांभळी नाक्याच्या, भुलेश्वरच्या, सगळ्या. भिंग घेऊन बसलो. जी ताणली जाते, नायलॉनची, तिच्यात साखळीचे बारीक फासे दिसतात, ती विणलेली, मशीनवरचं निटिंग. बाजारात जिला जीपीओ म्हणतात ती मुळात लेसच नाही, भरतकाम आहे, खाली विरघळणारं कापड घेऊन त्यावर मशीनने भरतात, वरचा धागा खालचा धागा आपल्या मशीनसारखेच, आणि मग खालचं कापड विरघळवून टाकतात, उरतं ते नुसतं भरतकाम. नेटवर भरलेली वेगळी. आणि मग माझी ती साधी कॉटनची लेस निघाली, गेली कितीतरी वर्षं मी ब्लाऊजला लावते ती, मीटरला जेमतेम काही रुपये. मॅडमनी भिंगाखाली धरली आणि म्हणाल्या हिच्यात तुम्हाला काय दिसतंय. क्रॉस. ट्विस्ट. पॅसिव्ह. तीच जाळी, तीच वेणी! ही बार्मेन मशीनवर बनते, जर्मनीतलं गाव आहे त्यावरून नाव, गोल मशीन असतं आणि त्यावर बॉबिनीच फिरतात, हातांनी करतो तेच, म्हणूनच ती जास्त रुंद करता येत नाही. मग हाताची आणि मशीनची ओळखायची कशी? मशीनचं सगळं एकसारखं, धागे सुरुवातीपासून शेवटपर्यंत तेवढेच, हाताच्या लेसमध्ये नक्षीच्या गरजेप्रमाणे जोड्या वाढतात कमी होतात, कोपरा खरा वळलेला असतो, दुमडून शिवलेला नसतो.

हे कळल्यावर माझा त्या स्वस्त लेसबद्दलचा आदर दुप्पट झाला आणि तिची किंमत बघून थोडं वाईटही वाटलं. एक कामाचं पण कळलं, ही लेस मशीनवर ताणून बनते, पाण्यात गेली की तो ताण सुटतो आणि ती आटते. अस्तर भिजवून घेतो तशी ही पण भिजवून सुकवून मगच लावा. नाहीतर पहिल्या धुण्यात गळा आत ओढला जातो आणि गिऱ्हाईक म्हणतं माप चुकलं.

इतिहासाचा भाग मॅडम पटकन उरकतात, ते बरंच करतात. सोळाव्या शतकात इटली आणि फ्लँडर्सकडे सुरू झालं, नक्षीची पुस्तकं व्हेनिसला १५५० नंतरच्या दशकात छापली गेली. १८४० मध्ये राणी व्हिक्टोरियाच्या लग्नाच्या पोशाखाला इंग्लंडच्या डेव्हनमधली होनिटन लेस. त्याच्या आधीच १८०८ मध्ये जॉन हीथकोटने लेसवाल्या बायकांचे हात बघून बघून नेट बनवायचं मशीन काढलं होतं, १८१६ मध्ये लोकांनी त्याच्या कारखान्यातली मशीनं फोडली आणि तो सगळं उचलून डेव्हनमधल्याच टिव्हर्टन गावाला गेला. आपल्या ओढणीचं नेट त्याच्या वंशातलं. स्लोव्हेनियात इद्रिया म्हणून गाव आहे तिथली लेसची शाळा १८७६ पासून चालूच आहे, आणि २०१८ मध्ये युनेस्कोने स्लोव्हेनियाची बॉबीन लेस वारसा यादीत घेतली. आणि आपल्याकडे पण आहे हो! कन्याकुमारी जिल्ह्यात, नागरकोइलला मार्था मॉल्ट नावाच्या मिशनरी बाईंनी १८२० च्या दशकात शिकवायला सुरुवात केली. मॅडम पण तिकडच्याच एका बाईंकडून शिकल्या. आंध्रात नरसापूरची लेस म्हणून विकतात ती मात्र क्रोशाची. हे ऐकून आमच्यातल्या एका शिक्षिकेने पर्समधला नरसापूरचा रुमाल हळूच आत ठेवला, तो सुंदरच होता खरं तर.

बरं, आता किट. चोवीसशे रुपये घेतले. उशी, बारा जोड्या बॉबिनी, टाचण्या, धागा, दोन प्रिकिंग आणि एक क्रोशाची बारीक सुई.

धाग्यापासून सुरू करते. लेबलवर कॉटन. हातात घेतला तेव्हाच शंका आली कारण धागा उड्या मारत होता, बॉबीनच्या मानेवर फास टाकला तर फास राहीना, बॉबीन आपोआप खाली उतरायची. सुताच्या वर्गात जळवून बघायचं शिकवतात, कॉटन कागदासारखा वास मारत जळतं आणि राख बोटाने चोळली की उडून जाते, पॉलिएस्टर आक्रसतं, वितळतं आणि कडक मणी राहतो. मी वर्गातच किटमधला धागा पेटवला. मणी. काळा कुळकुळीत मणी. वर्ग शांत. मॅडमचा चेहरा पडला, त्या म्हणाल्या "मी नाही हो पॅक करत, पण हे चालणार नाही," आणि पुढच्या शनिवारी सगळ्यांना स्वतः आणलेला मर्सराइज्ड कॉटन दिला, पैसे न घेता. म्हणून म्हणते बाई चांगल्या. पण क्लास चालवणाऱ्यांनी किट बदललं का, तर मी सोडेपर्यंत नाही, पुढच्या बॅचला तेच रीळ ठेवलेलं मी बघितलं.

टाचण्या साध्या लोखंडाच्या. ठाण्यातला जुलै, उशी कपाटाबाहेर राहिली, आणि टाचणीच्या प्रत्येक भोकाशी तपकिरी ठिपका. गंजाचा डाग पांढऱ्या कॉटनवरून सहजासहजी जात नाही, लिंबू लावा मीठ लावा. लेसच्या टाचण्या पितळेच्या नाहीतर स्टेनलेसच्याच पाहिजेत आणि हे कोकणात राहणाऱ्यांना सांगायची गरज पडू नये खरं तर.

उशी म्हणजे थर्माकोलचं ताट आणि वर पातळ कापड. चार दिवस बरी वाटते, मग भोकं सैल होतात, टाचणी डुलते, टाचणी डुलली की ताण गेला, ताण गेला की जाळी गेली. बॉबिनी खरादावर केलेल्या दिसतात पण मानेला पॉलिश नाही, धागा अडकून त्याला केस सुटतात, आणि एकीचं वजन दुसरीला नाही. मी घरी काट्यावर टाकून बघितल्या, काही दुप्पट जड. बॉबीनचं वजन म्हणजेच तुमचा ताण, एक जड एक हलकी असेल तर पट्टी एका बाजूला ओढली जाणारच. इंग्लंडमधल्या काही बॉबिनींना खाली तारेत मण्यांचं कडं असतं ते शोभेला वाटतं, पण त्याने वजन येतं आणि बॉबीन उशीवर घरंगळत नाही. किटमधल्या गोल, मणी नाहीत, आणि उशी मधून फुगीर, तर काय होणार? खारघरच्या मुलीने सगळ्यांना मणी आणि तांब्याची तार आणून दिली, एक तास त्यातच गेला आणि तो सगळ्यात मजेचा तास होता.

त्याऐवजी काय करायचं ते सांगते. उशीला पॅकिंगचा घट्ट पांढरा फोम मिळतो, थर्माकोल नाही, दाबला तर परत वर येणारा, त्याचा दीड-दोन इंच जाड तुकडा घ्या, वर घट्ट विणीचं गडद निळं किंवा हिरवं कॉटन ताणून शिवा, गडद का तर पांढरा धागा दिसतो आणि डोळे दुखत नाहीत. वेळ असेल तर जुन्या पद्धतीने पेंढा किंवा लाकडाचा भुसा ठोकून ठोकून भरा, जड होते पण टाचणी हलत नाही. बॉबिनी एकाच ठिकाणून एकाच लॉटच्या घ्या, बारीक पॉलिश पेपरने मान घासा. प्रिकिंग फोटोकॉपी करून जाड कार्डावर चिकटवा, वरून पारदर्शक फिल्म, म्हणजे शाई धाग्याला लागत नाही. सगळं मिळून किटच्या निम्म्यात होतं, मी केलंय.

बाकी तक्रारी. संध्याकाळच्या बॅचला एकच ट्यूबलाइट आणि ती पण मॅडमच्या डोक्यावर, मागच्या रांगेतल्यांनी काय बघायचं? पाणी स्वतःचं न्या. टेबलं शाळेतल्या बाकांसारखी उतरती आहेत, उशी घसरते, खाली रबरी जाळीची मॅट घाला. सर्टिफिकेट देतात त्याचा उपयोग मला नाही. चुकलं की उलटं जायला, म्हणजे क्रॉसचा उलटा क्रॉस ट्विस्टचा उलटा ट्विस्ट करत मागे, मॅडम स्वतः शेजारी बसून शिकवतात, ओरडत नाहीत, हे मात्र लिहायलाच पाहिजे. पण बारा जणांची बॅच त्यांच्या एकटीसाठी जास्त आहे, आठच्या वर घेऊ नयेत.

कोणी जावं? ज्यांच्या हातातून रोज कापड जातं त्यांनी, शिवणाऱ्या, साड्या विकणाऱ्या, फॅशनची पोरं, आणि ज्यांना एका जागी तास न् तास बसायला आवडतं ते. बोटभर पट्टीला मला तासभर लागतो आणि तेवढ्यात मी एक ब्लाऊज कापून ठेवते, त्यामुळे धंद्याचं गणित करू नका, हाताच्या लेसची खरी किंमत सांगितली तर गिऱ्हाईक उठून जाईल. डोळे कमजोर असतील तर आधी नंबर तपासून घ्या. लहान मुलांना नेऊ नका, शेकडो टाचण्या असतात.

फोन करून विचारताना "किट न घेता चालेल का" असं विचारू नका, नाही म्हणतात. "माझ्याकडे उशी आणि बॉबिनी आहेत" असं सरळ सांगा, मग घेतात. सकाळची बॅच मागा, खिडकीजवळची जागा पकडा, आणि भिंग घरून न्या, तिथे सगळ्यांत मिळून एकच आहे.